पाच माणसं आणि शेकडो वाद्यं

नमस्कार मंडळी. आज ज्या बँडबद्दल बोलणार आहे त्याचं नाव आर्ट एन्सेम्बल ऑफ शिकागो, आणि मला विचाराल तर जॅझमधे एवढे प्रयोग करूनही एवढी वर्षं ताठ मानेनं उभे राहिलेले लोक फार थोडे आहेत. पन्नास वर्षांच्या वर चाललाय हा बँड, आणि तेही असं संगीत वाजवून की ज्यात मधेच बराच वेळ नुसत्या घंटाच किणकिणत असतात.

सुरुवात शिकागोच्या साऊथ साइडला झाली. तिथल्या कृष्णवर्णीय संगीतकारांनी १९६५ साली एएसीएम नावाची स्वतःची संस्था काढली, पियानिस्ट म्यूहल रिचर्ड एब्रम्स त्यात पुढे होते. जॅझचे क्लब बंद पडत होते, कामं मिळत नव्हती, मग यांनी ठरवलं की कार्यक्रम आपणच करायचे आणि वाजवायचं ते आपण स्वतः रचलेलंच. त्यातला एक सॅक्सोफोनवाला पोरगा म्हणजे रॉस्को मिचेल. १९६६ मधे त्याची ‘साउंड’ नावाची रेकॉर्ड आली, आणि ती आजही लावली की पहिल्यांदा जाणवते ती त्यातली मोकळी जागा. तेव्हाचं न्यूयॉर्कचं फ्री जॅझ, म्हणजे ठरलेल्या चालीची चौकट सोडून वाजवलेलं जॅझ, त्यात सगळे एकदम पूर्ण ताकदीनं सुटलेले, आणि इथे हे लोक एक स्वर लावून थांबतात, ऐकतात, मग दुसरा कुणीतरी छोटीशी घंटी वाजवतो.

मिचेलबरोबर ट्रम्पेटला लेस्टर बोवी, डबल बासला मॅलकाय फेवर्स, आणि पुढे दुसरा सॅक्सोफोनवाला जोसेफ जार्मन आला. बोवी हा आर अँड बी, म्हणजे रिदम अँड ब्लूज वाजवून तयार झालेला माणूस, त्याची बायको फोंटेला बास, जिचं ‘रेस्क्यू मी’ हे गाणं १९६५ मधे अमेरिकाभर गाजलं होतं. म्हणजे यांना साधी नाचायची गाणी वाजवता येत नव्हती म्हणून हे प्रयोगाकडे वळले असं कुणी समजू नये, उलट ते सगळं हातात होतं म्हणूनच ते कुठे सोडायचं हे त्यांना कळत होतं.

एक गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. फिलिप विल्सन हा त्यांचा ड्रमर १९६७ मधे पॉल बटरफील्डच्या ब्लूज बँडमधे गेला, आणि त्याच्या जागी मनासारखा कुणी कायमचा मिळेना. मग काय, सगळेच ताल वाजवायला लागले, घंटा, शिट्ट्या, गाँग, सायकलचे भोंगे, जे मिळेल ते. आधीपासून हौस होतीच, पण आता गरज पण झाली, आणि त्यातून त्यांचा तो खास आवाज पक्का झाला. पुढे पुढे तर स्टेजवर शेकडो वाद्यं मांडलेली असायची.

१९६९ च्या उन्हाळ्यात चौघं सगळी वाद्यं घेऊन सरळ पॅरिसला गेले, बोवीनं तर त्यासाठी घरातलं फर्निचर विकलं. नावातलं ‘ऑफ शिकागो’ हे तिथेच चिकटलं. जवळपास दोन वर्षं युरोपात राहिले आणि तेवढ्यात डझनाहून जास्त रेकॉर्ड केल्या, म्हणजे कामाचा झपाटा बघा. त्यातली ‘पीपल इन सॉरो’ ही माझी सगळ्यात आवडती. चाळीस मिनिटांचा एकच तुकडा, एलपीच्या दोन्ही बाजू भरून, इतका हळू उलगडतो की विलंबित ख्याल ऐकायची सवय असलेल्या आपल्यासारख्यांना तो न्यूयॉर्कच्या जॅझपेक्षा लवकर जवळचा वाटेल. शेवटी पॅरिसमधेच त्यांना फामुदू डॉन मोये हा ड्रमर भेटला आणि पाच जण पूर्ण झाले. १९७० मधे एका फ्रेंच सिनेमासाठी त्यांनी ‘थीम द योयो’ केलं, फोंटेला गातेय, खाली फंकचा ठेका, आणि वर ट्रम्पेट-सॅक्सोफोन मनाला येईल तिकडे धावतायत.

स्टेजवर फेवर्स, जार्मन आणि मोये चेहरे रंगवून आफ्रिकी वेशात, बोवी डॉक्टरसारखा पांढरा कोट घालून आणि मिचेल साध्या कपड्यात. वाजवण्याआधी सगळे पूर्वेकडे तोंड करून शांत उभे राहायचे. त्यांचं ब्रीद होतं ‘ग्रेट ब्लॅक म्युझिक, एन्शंट टू द फ्यूचर’, आणि खरंच एकाच कार्यक्रमात चर्चचं गाणं, मार्च, बीबॉप, रेगे, सगळं यायचं. पण माझ्या मते त्यांचा सगळ्यात मोठा प्रयोग म्हणजे बँड चालवायची पद्धत. सुरुवातीला मिचेलच्या नावाचा असलेला बँड सगळ्यांचा झाला, पैसा आणि निर्णय पाच जणांत, कुणी मालक नाही. एरवी जॅझमधे लीडरचं नाव मोठं आणि बाकीचे येतात-जातात, इथे तेच पाच जण वीस वर्षांहून जास्त एकत्र राहिले.

अटलांटिक या रेकॉर्ड कंपनीसाठी दोन रेकॉर्ड झाल्या, मग ईसीएम ही कंपनी, मग जपानची एक कंपनी. १९९३ मधे जार्मन झेन साधना आणि आयकिडो या जपानी युद्धकलेसाठी बाजूला झाला. १९९९ मधे बोवी कॅन्सरनं गेला, अठ्ठावन्नाव्या वर्षी, आणि त्याची ती हसरी, कण्हणारी, मधेच चिडवणारी ट्रम्पेट परत कुणालाच जमली नाही. २००३ मधे जार्मन परतला, तर २००४ च्या सुरुवातीला फेवर्स गेला, आणि २०१९ मधे जार्मनही. त्याच वर्षी मिचेल आणि मोये यांनी नव्या पिढीच्या कितीतरी वादकांना घेऊन पन्नाशीची डबल रेकॉर्ड काढली.

तुम्हाला ऐकायला सुरुवात करायची असेल तर ‘पीपल इन सॉरो’ नंतर ठेवा, आधी १९७९ ची ‘नाइस गाइज’ लावा. पहिलाच तुकडा बोवीचा आहे, तो काही काळ जमैकात राहिला होता, त्यामुळे त्यात मधेच तिथलं रेगे सुरू होतं. आणि शेवटचा तुकडा जार्मननं जॅझचा नामवंत ट्रम्पेटवाला माइल्स डेव्हिस याला मानवंदना म्हणून लिहिलाय, तो हेडफोन लावून ऐका.