पाचोळ्यातला तांबडा बेडूक

श्रोतेहो, मृगाचा पहिला मोठा पाऊस झाला की आपल्या बालाघाटाच्या पायथ्याशी, बांधाला साचलेल्या पाण्यात पिवळेधमक बेडूक रात्रभर ओरडत असतात, हे अंबाजोगाईकरांना नव्याने सांगायला नको. वर्षाला 700-800 मिलिमीटर पाऊस, तोही खंड पाडत पडणारा. त्यामुळे आपला बेडूक सदा घाईत असतो. मादी हजारो अंडी पाण्यात सोडून निघून जाते आणि डबके आटण्याआधी ज्या पिल्लांना पाय फुटतील तेवढी वाचतात. आज ज्या बेडकाविषयी मी बोलणार आहे, त्याच्या मध्य अमेरिकेतल्या कोस्टारिका देशातील जंगलात वर्षाला सुमारे 4,000 मिलिमीटर पाऊस पडतो, आणि तरीही तो आपली पिल्ले डबक्याच्या भरवशावर सोडत नाही.

ऊफागा प्युमिलिओ हे त्याचे शास्त्रीय नाव. निकाराग्वा, कोस्टारिका आणि पनामा या देशांच्या कॅरिबियन बाजूच्या सखल वर्षावनात तो जमिनीवर, पाचोळ्यात वावरतो. लांबी जेमतेम दोन सेंटिमीटर, अंग लालभडक आणि पाय बहुधा निळे. पनामाच्या बोकास देल तोरो बेटांवर मात्र याच जातीचे हिरवे, पिवळे, निळे असे कितीतरी रंग आढळतात; गेल्या काही हजार वर्षांत समुद्राची पातळी वाढून ही बेटे मुख्य भूमीपासून तुटली, एवढ्या थोड्या अवधीत इतके रंग कसे निर्माण झाले यावर अभ्यासक अजून वाद घालतात. तो वाद आज बाजूला ठेवू, कारण या बेडकाचा संसार त्याच्या रंगापेक्षा अधिक नवलाचा आहे.

मादी पाचोळ्यातील एखाद्या पानावर तीन ते पाच अंडी घालते. ती सुकू नयेत म्हणून नर वरचेवर तिथे येतो आणि आपल्या शरीरातील पाणी त्यांच्यावर सोडतो. आठवडा-दहा दिवसांनी बेडूकमासे बाहेर पडले की आईचे काम सुरू होते. ती एकेका पिल्लाला पाठीवर घेऊन झाडावर चढते आणि अननसाच्या कुळातील ब्रोमेलियाड वनस्पतींच्या पानांच्या बेचक्यात साचलेल्या पाण्यात सोडते. सहसा एका बेचक्यात एकच पिल्लू, कारण दोन एकत्र ठेवली तर एक दुसऱ्याला खाण्याचा संभव असतो. एवढ्याशा पाण्यात पिल्लाला गिळणारा मासा नसतो हे खरे, पण खायलाही काही नसते. म्हणून आई दर काही दिवसांनी परत येते. ती पाण्याशी आली की पिल्लू अंग ताठ करून थरथरू लागते. मग ती मागच्या बाजूने पाण्यात उतरते आणि त्याच्यासाठी न फळलेली अंडी घालते. हे बेडूकमासे केवळ अशा अंड्यांवरच वाढतात. असे सहा-आठ आठवडे चालते. गंमत अशी की ती पिल्लाला चेहऱ्याने ओळखत नाही, जागेने ओळखते. अभ्यासकांनी तिच्या बेचक्यात परके पिल्लू ठेवून पाहिले, तर तिने त्यालाही निमूटपणे खाऊ घातले.

या अंड्यांतून पिल्लाला आणखी एक गोष्ट मिळते, ती म्हणजे विष. या बेडकाच्या कातडीत अल्कलॉइड वर्गातील विषारी द्रव्ये असतात. 1960 च्या दशकात जॉन डेली आणि चार्ल्स मायर्स या शास्त्रज्ञांनी त्यांचा अभ्यास सुरू केला आणि त्यांतील एका गटाला याच बेडकावरून पुमिलिओटॉक्सिन हे नाव पडले. बेडूक ही द्रव्ये स्वतः तयार करत नाही. ती त्याच्या खाण्यातून येतात. बंदिस्त जागेत फळमाश्यांवर वाढवलेला बेडूक तितकाच लाल दिसतो, पण विषारी नसतो. रानात तो मुंग्या खातो आणि पाचोळ्यातील अगदी बारीक कोळीवर्गीय किडीही खातो. आपल्या भेंडी-वांग्यावर पडणारा लाल कोळी शेतकऱ्यांना चांगला ठाऊक आहे. त्याच्याच दूरच्या नात्यातल्या, पण कुजणाऱ्या पानांत राहणाऱ्या या किडी. त्यांच्यातील विष आईत येते आणि आई ते अंड्यांतून पिल्लाला देते, हे 2014 साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनाने दाखवले. म्हणजे या बेडकाचे घर, अन्न आणि संरक्षण या तिन्ही गोष्टी पाचोळ्यावर उभ्या आहेत. आपण पाचट आणि पालापाचोळा काडी लावून मोकळे होतो, त्याला इतकी किंमत असू शकते हे आपल्या लवकर ध्यानात येत नाही.

कोस्टारिकातील ला सेल्वा या संरक्षित जंगलातील जुन्या नोंदी 2007 साली तपासल्या गेल्या, तेव्हा जमिनीवर राहणाऱ्या उभयचरांची संख्या 1970 पासून सुमारे 75 टक्क्यांनी घटल्याचे आढळले. तिथे कुऱ्हाड चाललेली नव्हती. अभ्यासकांच्या मते हवामान अधिक उष्ण आणि दमट होत गेले, त्यामुळे जमिनीवरचा पाचोळा कमी झाला असावा. शेजारच्या सोडून दिलेल्या कोकोच्या बागांत मात्र तशी घसरण दिसली नाही.