खोल पाण्यातला मुकुट

(दृश्य: मालवण, दांडीचा किनारा. पहाट. रापणीचे दोर वाळूवर ताणलेले.)

रापण ओढायला सुरुवात होऊन अर्धा तास झालाय. दोन्ही टोकांना पंधरा-वीस माणसं. एक पाऊल मागे, दम, पुन्हा एक पाऊल. दोर आज जड लागतोय. जड दोर म्हणजे बांगडा भरभरून, असं मला वाटलं होतं, पण ओढणाऱ्यांचे चेहरे काही वेगळंच सांगत होते. जाळ्याचं पोट उथळ पाण्यात आलं तेव्हा कळलं. आत मासळी मूठभर आणि बाकी सगळे पांढुरके, लिबलिबीत गोळे.

झार.

मी वाकून एकाला हात लावणार, तेवढ्यात मागून आवाज आला, "हात लावू नको गो, आग होतली."

रापणीतले ते आजोबा सत्तरीच्या पुढचे. त्यांच्या तोंडी या प्राण्याला, म्हणजे जेलीफिशला, एकच नाव आहे, झार. जाळं जड करणारा, मासळी दाबून खराब करणारा, अंगाला लागला की आग आग करणारा. किनाऱ्यावरच्या माणसाला एवढं नाव पुरतं, आणि ते खरंही आहे. या सगळ्या प्राण्यांच्या संघाला विज्ञान 'निडारिया' म्हणतं. ते नाव आलंय आग करणाऱ्या एका झुडपाच्या ग्रीक नावावरून. आपल्याकडची खाजकुयली डोळ्यांसमोर आणली की झालं. ग्रीक माणसानं आणि मालवणच्या आजोबांनी या प्राण्याला ओळखलं ते अंगाला आलेल्या अनुभवावरूनच.

पण याच अरबी समुद्रात, पश्चिमेला लांब गेलं आणि खूप खोल उतरलं, की झारांचे असे भाऊबंद सुरू होतात जे कुठल्याच रापणीत आले नाहीत. त्यांच्यासाठी एक शब्द आहे, कोरोनाटी. ही फिल्म त्या शब्दाची आहे.

(दृश्य: वाळूवर पडलेला एक झार, अगदी जवळून. कडेनं पाणी ओघळतंय.)

शब्द ऐकल्याबरोबर मनात काय आलं ते मला ठाऊक आहे. तो विषाणू याच शब्दाचा चुलत भाऊ. 'कोरोना' म्हणजे लॅटिनमध्ये मुकुट, डोक्यावर घालायची माळ. विषाणूच्या अंगावरचे उंचवटे मुकुटासारखे दिसले म्हणून 1968 मध्ये त्या कुटुंबाला हे नाव मिळालं. जेलीफिशना ते त्याच्या कितीतरी आधी, 1892 मध्ये मिळालं होतं. जर्मन प्राणिशास्त्रज्ञ अर्न्स्ट फानहॉफेन यांनी मुकुटवाल्या जेलीफिशचा एक वेगळा गण केला आणि त्याला म्हटलं कोरोनाटी. शब्द अनेकवचनी आणि स्त्रीलिंगी आहे. मराठीत सरळ सांगायचं तर 'मुकुट ल्यालेल्या'.

आता मुकुट कुठे असतो ते पाहू. मी मोबाइलवर एका कोरोनाटी जेलीफिशचं चित्रीकरण आजोबांना दाखवलं. पडदा उन्हापासून झाकत त्यांनी बराच वेळ पाहिलं. मग बोटानं एक जागा दाखवली आणि म्हणाले, "ह्येच्या कमरेक दोरी बांधल्यासारी दिसता."

नेमकी तीच खूण. साध्या झाराची छत्री वरपासून कडेपर्यंत गुळगुळीत असते. कोरोनाटीच्या छत्रीला मात्र मधोमध, चहूबाजूंनी फिरणारी एक खोल चर असते. चरीच्या वर गुळगुळीत घुमट किंवा चकती. चरीच्या खाली जाड, फुगीर फाकांची ओळ, आणि दोन फाकांच्या मध्ये पुन्हा उभी खाच. उकडीच्या मोदकाला कळ्या पाडतात ना, तशी ही रांग दिसते. त्यातल्या काही फाकांमधून शुंडक, म्हणजे सोंडेसारखे लांब तंतू, निघतात आणि कडेला पाकळ्यांसारख्या झालरी असतात. घुमट, चर आणि कळ्या एकत्र पाहिल्या की मुकुटच दिसतो.

म्हणजे हे नाव आकाराचं आहे. ते ना खोलीचं, ना रंगाचं. वापरताना बहुतेकांची चूक होते ती इथेच. कोरोनाटीतले कितीतरी प्राणी खोल समुद्रात राहतात, म्हणून 'कोरोनाटी म्हणजे खोल समुद्रातली जेलीफिश' असं सरसकट लिहिलं जातं. पण कॅरिबियन समुद्रात लिनुके नावाची एक छोटी जेलीफिश आहे, शिवणकामाच्या अंगुस्तानाएवढी. ती पृष्ठभागावर, भर उन्हात तरंगते, आणि तिच्या पिल्लांमुळे पोहणाऱ्यांच्या अंगावर पुरळ उठतं. ती कोरोनाटीच, कारण कमरेला चर आहे. उलट स्टिजिओमेडुसा हजार-हजार मीटर खोल राहते. तिची छत्री मीटरभराहून रुंद आणि तोंडाजवळचे फितीसारखे चार हात दहा मीटरपर्यंत लांब. पण ती कोरोनाटी नाही, कारण तिला चर नाही. तिच्या नावातला 'स्टिक्स' म्हणजे ग्रीकांची पाताळातली नदी, मेलेल्यांनी ओलांडायची. आपण तिला वैतरणी म्हणतो. उत्तर कोकणात त्याच नावाच्या वळणाची वैतरणा आजही वाहते, आणि एका खोल पाण्यातल्या जेलीफिशचं नाव तिच्या ग्रीक बहिणीवरून पडलंय. मला हे जुळणं फार आवडतं.

(दृश्य: होडीत बसून दोर मोजणारे हात.)

खोलीबद्दल बोलायचं तर मीटर बाजूला ठेवू. दर्यावरची माणसं वाव मोजतात. दोन्ही हात पसरले की एक वाव, साधारण सहा फूट. कोकणच्या समोर समुद्राचा तळ लांबवर उथळच आहे. पाण्याखालचं ते पठार मुंबईसमोर दोनशे किलोमीटरहून जास्त रुंद आहे. विजयदुर्गच्या पश्चिमेला शंभर किलोमीटरवर, कान्होजी आंग्रे यांच्या नावानं ओळखला जाणारा आंग्रिया बँक हा बुडालेला उंचवटा आहे. त्याच्याही पलीकडे तळ खाली कोसळत जातो, आणि मग शेकडो, हजारो वाव फक्त पाणी.

"किती खोल म्हणतंस?" आजोबांनी विचारलं.

"पाचशे वाव. त्याच्याही खाली."

"पाचशे वाव! थयसर उजेड खंयचो?"

तिथे उजेड नाहीच. एकोणिसाव्या शतकात एडवर्ड फोर्ब्स या ब्रिटिश निसर्गशास्त्रज्ञाचं म्हणणं होतं की तीनशे वावांच्या खाली जीवच नसेल. 1872 मध्ये 'चॅलेंजर' नावाचं जहाज जगभरचे समुद्र तपासायला निघालं आणि 1876 मध्ये परतलं. त्याच्या जाळ्यांनी खोलातून इतके प्राणी वर आणले की ती कल्पना कायमची निकालात निघाली. मोहिमेचे प्रमुख शास्त्रज्ञ होते चार्ल्स वायविल थॉमसन. 1880 मध्ये जर्मन प्राणिशास्त्रज्ञ अर्न्स्ट हेकेल यांनी एका गर्द लाल जेलीफिशला त्यांचं नाव दिलं, अटोला वायविली.

आजोबांनी मोबाइलवर पाहिली ती हीच. वरून पाहिलं तर मध्ये चकती, भोवती चरीचं वर्तुळ, त्याभोवती कळ्यांचं कडं. लक्षद्वीपची कंकणाकृती प्रवाळबेटं विमानातून अशीच दिसतात. अशा बेटाला जगभर 'अटॉल' म्हणतात, आणि हा शब्द मालदीवच्या धिवेही भाषेतून, म्हणजे आपल्याच शेजारच्या पाण्यातून, जगात गेलाय.

"लाल? मगे ती सगळ्यांका दिसतली मां?"

दिसणार नाही. समुद्रात उतरताना सूर्यप्रकाशातला लाल रंग सगळ्यात आधी संपतो आणि निळा सगळ्यात खोल पोचतो. ज्या पाण्यात लाल उजेडच नाही तिथे लाल वस्तू काळी दिसते. अटोलाचा लाल झगा म्हणजे काळोखात पांघरलेली काळी घोंगडी. त्याचा आणखी एक उपयोग आहे. खालचे बरेच जीव स्वतः उजळतात. गिळलेलं भक्ष्य पोटात चमकलं तर गिळणाराच उघडा पडायचा. गडद पोट तो उजेड आतच अडवतं.

आणि अटोला स्वतःही उजळते. थंडीच्या दिवसांत कोकणच्या किनाऱ्यावर कधी कधी रात्री लाट फुटताना निळी पेटते, ते पाहिलं असेल तर या उजेडाचा अंदाज येईल. अटोलाला कुणी धरलं, की तिच्या कड्यावरून निळ्या प्रकाशाची वर्तुळं धावू लागतात. वाडीत चोर शिरला की कुत्रं भुंकतं आणि अख्खी वाडी जागी होते, तसंच हे. उजेड पाहून आणखी मोठा शिकारी येतो आणि धरणाऱ्यालाच धरतो. अमेरिकन शास्त्रज्ञ एडिथ विडर यांनी हा उजेड हुबेहूब फेकणारी एक बनावट जेलीफिश तयार केली. 2012 मध्ये जपानच्या ओगासावारा बेटांजवळ ती खोल पाण्यात सोडली, शेजारी कॅमेरा. महाकाय माकूल, ज्याचं खोल पाण्यातलं जिवंत चलच्चित्रण तोवर कुणाला जमलं नव्हतं, ते त्या उजेडाकडे आलं. त्या कॅमेऱ्याच्या यंत्रणेचं नाव होतं 'मेडुसा'.

मेडुसा. हाही शब्द सैलपणे वापरला जातो, म्हणून थोडं थांबते. ग्रीक कथेतली केसांच्या जागी साप असलेली ती मेडुसा. स्वीडिश निसर्गशास्त्रज्ञ लिनियसनं 1758 मध्ये जेलीफिशसाठी हे नाव वापरलं. आज मात्र विज्ञानात मेडुसा ही एक अवस्था आहे. बहुतेक जेलीफिश लहानपणी तळाला चिकटून राहतात. तेव्हा त्यांना पॉलिप म्हणतात. पोहणारी छत्री पुढे येते, ती मेडुसा.

आणि कोरोनाटीच्या पॉलिपची गोष्ट तर सांगायलाच हवी. ते आपल्याभोवती कडक नळी बांधून राहतात. 1874 मध्ये निसर्गशास्त्रज्ञ जॉर्ज ऑलमन यांना अशा नळ्या स्पंजमध्ये सापडल्या. त्यांना वाटलं, वेगळाच प्राणी आहे. त्याला त्यांनी नाव दिलं स्टेफॅनोसायफस. 'स्टेफॅनोस' म्हणजे ग्रीकमध्ये मुकुट, 'स्कायफोस' म्हणजे प्याला. तो प्राणी मोठा होऊन पोहू लागला की कसा दिसतो हे तर आधीच नोंदवलेलं होतं. 1853 मध्ये त्याचं नावही ठेवून झालं होतं, नॉसिथोए. माहेरी एक नाव, सासरी दुसरं, आणि दोन्ही घरं एकमेकांना अनोळखी, असा प्रकार. पुढे दोन्ही एकच असल्याचं उमगलं. पण ऑलमन यांना त्या बाळरूपातही मुकुटच दिसला, आणि तोही फानहॉफेन यांच्या 18 वर्षं आधी, दुसऱ्या भाषेत.

या गणातल्या पेरिफिलानं तर पॉलिपची अवस्थाच सोडून दिलीय. खोल पाण्यात चिकटायला तळ जवळ नसतो. तिचं अंडं थेट छोटी मेडुसा होतं. तिचा लाल रंग उजेडात बाधतो, म्हणून नॉर्वेच्या खाड्यांमध्ये ती दिवसा खोल दडते आणि रात्री वर येते.

काम अजून संपलेलं नाही. 2022 मध्ये कॅलिफोर्नियाच्या माँटेरे उपसागरातून अटोलाची आणखी एक जात जगापुढे आली, अटोला रेनॉल्ड्सी. वायविलीला इतर शुंडकांहून खूप लांब असं एक शुंडक असतं, हिला ते नाही.

(दृश्य: किनाऱ्यावर ऊन चढलंय. झार विरघळत चाललेत.)

मराठीत या गणाला नाव काय द्यावं? 'कोरोनाटी' लिहायला हरकत नाही, पण वाचणाऱ्याला आधी ती साथ आठवते. मला 'किरीटी झार' म्हणावंसं वाटतं. किरीट आपल्या देवांच्या डोक्यावर असतोच आणि झार आपल्या किनाऱ्यावर. दोन्ही शब्द घरचे.

आजोबांना विचारलं. ते दोर गुंडाळत होते.

"किरीटी नको," ते म्हणाले. "कमरेक दोरी असा मां? मगे करगोट्याचो झार म्हण."

त्यांनी पायानं एक गोळा पाण्याकडे ढकलला, आणि रापण पुन्हा होडीत भरायला घेतली.