आधी मीठ, मग साखर

नमस्कार श्रोतेहो.

थंडीत लिंबं स्वस्त झाली आणि पातळ सालीची, रसरशीत कागदी लिंबं हाताला लागली की मी गोड लोणच्याची बरणी काढते. श्रीगोंद्याकडची मिळाली तर फारच छान. हे लोणचं म्हणजे मीठ, साखर, लाल तिखट आणि भाजलेल्या जिऱ्याची पूड, एवढंच. तेलाचा थेंब नाही, आणि उपवासालाही चालतं.

एक किलो लिंबं घ्या, साधारण 22 ते 25 भरतात. धुऊन, पुसून रात्रभर फडक्यावर पसरून ठेवा. देठाच्या खळग्यात पाणी राहतं, तिथे बोट फिरवून बघाच. एकेका लिंबाच्या आठ फोडी करा, बिया काढा. राहिलेली बी पुढे कडवटपणा आणते. फोडींना 150 ग्रॅम मीठ चोळून काचेच्या किंवा चिनी मातीच्या बरणीत भरा, तोंडाला दादरा, म्हणजे पातळ फडकं, बांधा आणि रोज उन्हात ठेवा. संध्याकाळी आत आणून बरणी हलवायची.

आता थांबायचं. खरं काम इथेच आहे. लग्नानंतर पहिल्या वर्षी मी पहिल्याच दिवशी मिठाबरोबर साखर घातली. चैत्र आला तरी फोडी चामड्यासारख्या चिवट. पाक छान झाला होता, पण साल चावता येईना. सासूबाईंनी एक फोड बोटांत धरून पाहिली आणि म्हणाल्या, "अगं, साल मुरायच्या आधीच साखर पडली." साखर सालीतलं पाणी ओढून घेते, साल कच्ची असेल तर ती आक्रसते आणि मग मऊ होतच नाही. मीठ आणि लिंबाचा आंबट रस मात्र तिला हळूहळू सैल करतात. याला दोन ते तीन आठवडे लागतात. चमच्याने एक फोड बशीत काढा आणि नखाने दाबा. साल सहज तुटली आणि तिचा पिवळा रंग थोडा काचेसारखा झाला, तर साखरेची वेळ झाली.

मुरलेल्या फोडी रसासकट स्टीलच्या पातेल्यात घ्या. ॲल्युमिनियम नको, आंबटाने ते झिजतं. एक किलो साखर घालून मंद आचेवर ठेवा. साखर विरघळली, कडेने बुडबुडे आले की तिखट आणि जिरेपूड घाला, दोन मिनिटांत उतरवा. गरम असताना पाक पातळ वाटतो, पण आच वाढवू नका. निवला की तो दाट होतो. चुलीवरच मधासारखा झाला तर बरणीत साखरेचे खडे बसतील. तसं झालंच तर बरणी कोमट पाण्यात ठेवा, खडे विरघळतात.

वर्षभर टिकवायचं किंवा लेकीकडे लांब पाठवायचं असेल, तर काचेच्या बाटल्या दहा मिनिटं पाण्यात उकळून कोरड्या करा. बाटली गरम असतानाच गरम लोणचं भरा. थंड काचेत कढत पाक ओतला तर ती तडकते. वर अर्धा बोट जागा ठेवा. काठ स्वच्छ पुसून झाकण लावा आणि बाटल्या पाण्यात पूर्ण बुडवून आणखी दहा मिनिटं उकळा. निवताना झाकण मध्यभागी आत ओढलं जातं. बोटाने दाबून पाहा, टक्‌ वाजलं तर हवा राहिली आहे. ती बाटली फ्रिजमध्ये ठेवून आधी संपवा. झाकण आतून मुलामा दिलेलंच हवं, नुसत्या पत्र्याला गंज चढतो.

काही महिन्यांनी रंग गुळासारखा काळपट होतो. कित्येक जण घाबरून टाकून देतात, मला फार वाईट वाटतं. साखर आणि आंबट दोन्ही मुरली की रंग गडद होतोच. बुरशी दिसली, फेस आला, दारूसारखा वास आला, तर मात्र टाका. आमच्या घरी तापातून उठलेल्या माणसाला मऊ भाताबरोबर द्यायची फोड मागच्या वर्षीच्या बरणीतली असते. ती काढायची कोरड्या चमच्याने, आणि लगेच झाकण लावायचं.