सारा मोन्तिएल: ओठ तिचे, आवाज कुणाचा?

स्क्रीनवर हा जो सीन चालू आहे ना, त्याचा आवाज जरा वाढवा. १९५७ चा हॉलीवूडचा वेस्टर्न आहे, 'रन ऑफ द अ‍ॅरो', हिरो रॉड स्टायगर, आणि सू या अमेरिकेतल्या आदिवासी जमातीतली त्याची बायको म्हणून जी दिसतेय ती मुळात स्पेनची, सारा मोन्तिएल. आता तिच्या ओठांकडे बघत बघत ऐका. हा आवाज तिचा नाहीच! तो डब केलाय अँजी डिकिन्सन या अमेरिकन नटीने. म्हणजे चेहरा पाहिजे पण बोलणं नको, असा मामला.

आणि त्याच वर्षी तिकडे माद्रिदमध्ये लोक तिचा आवाज ऐकायला तिकिटाच्या रांगेत उभे होते. पण त्याआधी थोडं मागे जाऊ.

१९२८, स्पेनच्या ला मांचा भागातलं कांपो दे क्रिप्ताना हे गाव. टेकडीवर पांढऱ्या पवनचक्क्या, सर्व्हान्तेसच्या कादंबरीतला वेडा सरदार डॉन किहोते राक्षस समजून ज्यांच्यावर धावून गेला त्या ह्याच असं गाववाले छातीठोकपणे सांगतात. इथल्या एका गरीब शेतकरी घरात ती जन्मली, नाव मारिया आंतोनिया आबाद. सोळाव्या वर्षी सिनेमात आली आणि नाव झालं सारा मोन्तिएल. १९४७ मध्ये स्पेनमध्ये 'डॉन किहोते'वर पिक्चर निघाला त्यात त्याच्या भाचीचं काम हिला मिळालं, म्हणजे घरचंच काम म्हणायचं. पण हुकूमशहा फ्रँकोच्या काळातल्या स्पेनमध्ये तिच्या वाट्याला दुय्यम भूमिकाच येत होत्या, मग १९५० मध्ये ती सरळ मेक्सिकोला गेली, तिथे धडाधड पिक्चर केले, आणि तिथूनच १९५४ चा 'वेरा क्रूझ' मिळाला. समोर गॅरी कूपर आणि बर्ट लँकेस्टर! पुढे 'सेरेनेड' केला, त्याचा डायरेक्टर अँथनी मान, त्याच्याशी लग्नही झालं. रोल मात्र तेच, कधी मेक्सिकन तर कधी सू, एकूण काय तर 'बाहेरची बाई'.

(त्या काळातले तिचे किस्से भारी आहेत. मार्लन ब्रँडोला अंडी तळून घातली म्हणे, हेमिंग्वेने सिगार ओढायला शिकवलं म्हणे. हे सगळं तीच सांगायची, त्यामुळे सगळंच खरं धरू नका. सिगार मात्र खरा, तो तिच्या हातातून कधी सुटलाच नाही.)

मग मधेच ती स्पेनला येऊन एक कमी बजेटचा पिक्चर करून गेली, 'एल उल्तिमो कुप्ले', म्हणजे शेवटचं कुप्ले. कुप्ले हा विसाव्या शतकाच्या सुरुवातीचा तिथला नखरेल, थोडा चावट गाण्याचा प्रकार, थिएटरात बायका स्टेजवर म्हणायच्या, आणि ५७ सालापर्यंत तो जुनापुराणा होऊन गेला होता. डायरेक्टर हुआन दे ओर्दुन्याकडे पैशांची इतकी ओढाताण की गाण्यांसाठी वेगळी गायिका आणायची ठरलेली, ती परवडेना, म्हणून गाणीही हिनेच म्हणायची ठरलं, असं सांगतात. जुन्या कुप्लेवाल्या बारीक, चिरक्या आवाजात गायच्या. हिचा आवाज खाली, जाडसर, निम्मं गाणं आणि निम्मं कानात बोलणं.

'फुमांदो एस्पेरो' बघा. ती कोचावर रेललीये, हातात सिगरेट, गाण्याचा अर्थ एवढाच की धूर सोडत मी त्याची वाट बघतेय. फार हलत नाही, डोळे अर्धे मिटलेले, शब्द मुद्दाम ताणून म्हणते. कडक सेन्सॉरच्या त्या देशात हे कसं काय सुटलं देव जाणे, कापायला हातात धरण्यासारखं काही सापडलंच नसेल.

६ मे १९५७ ला माद्रिदच्या ग्रान बिया रस्त्यावरच्या रियाल्तो थिएटरात पिक्चर लागला आणि जवळजवळ वर्षभर उतरलाच नाही. आणि बिचारा ओर्दुन्या! पैशापायी त्याने रिलीजच्या आधीच पिक्चर सिफेसा कंपनीला विकून टाकला होता, मलई सगळी त्यांनी खाल्ली. साराला मात्र पुढच्याच 'ला व्हायोलेतेरा'साठी तगडे पैसे मिळाले. त्याचं टायटल साँग तुम्ही ऐकलंय बरं का, चॅप्लिनच्या 'सिटी लाइट्स'मधली आंधळी फुलवाली आठवतेय? तिच्यामागे वाजते ती हीच धून, होसे पादियाची, न विचारता वापरली म्हणून चॅप्लिनला कोर्टात हरावंही लागलं.

पुढची दहा-पंधरा वर्षं तिचे पिक्चर साधारण एकाच साच्यातले, गाणी, झगमग कपडे, दुखावलेली बाई. खरं सांगायचं तर बरेच आज बघवत नाहीत, गाणी सोडून. १९७४ नंतर तिने सिनेमा जवळपास सोडला, स्टेज आणि टीव्ही चालू ठेवलं. २०१३ मध्ये माद्रिदमध्ये गेली. गावच्या एका पवनचक्कीत तिचं म्युझियम आहे.

आता शेवटचा सीन. २००४, स्पॅनिश डायरेक्टर अल्मोदोवारचा पिक्चर 'ला माला एदुकासिओन'. गाएल गार्सिया बेर्नाल बाईच्या वेषात, चमचमता गाऊन, स्टेजवर 'किसास, किसास' हे गाणं म्हणतोय. आवाज पुन्हा वाढवा, आणि ह्याच्या ओठांकडे बघा. आवाज साराचा आहे.