ज्या खेळाला रकाना नाही

अध्यक्ष महोदय आणि इंदूरच्या रामबागेतल्या या सभागृहात जमलेल्या बास्केटबॉलप्रेमी श्रोतेहो,

निमंत्रणपत्रिकेवर आजचा विषय ‘बास्केटबॉलचे थोर खेळाडू आणि त्यांचे प्रशिक्षक’ असा छापला आहे आणि मी त्याच विषयावर बोलणार आहे; मात्र सुरुवात एका कागदापासून करते. तो कागद म्हणजे सामन्याची स्कोअरशीट. आपल्यापैकी अनेकांनी रेसकोर्स रोडवरच्या बास्केटबॉल कॉम्प्लेक्समध्ये टेबलावर बसून ती भरली आहे. कोणी किती गुण केले, कोणाचे किती फाउल झाले, कोणत्या संघाने टाइमआउट कधी घेतला, हे सर्व तिच्यावर असते. रिबाऊंड, म्हणजे रिंगवरून उसळलेला चेंडू, कोणी घेतला, समोरच्याचा फटका कोणी अडवला, पास कोणी दिला, यासाठी तिच्यावर जागा नसते. या खेळातली मोठी माणसे मला त्या नसलेल्या रकान्यांत सापडली, आणि मोठे प्रशिक्षक मी त्यांना मानते ज्यांना ते रकाने सामना चालू असतानाच दिसत होते.

अमेरिकेचे खेळाडू बिल रसेल यांचेच पाहा. जन्म १९३४ चा, लुइझियानातल्या मन्रो गावचा. पुढे कुटुंब कॅलिफोर्नियात ओकलंडला गेले आणि बारा वर्षांच्या या मुलाची आई वारली. मॅकक्लायमंड्स हायस्कूलच्या कनिष्ठ संघात गणवेश पंधरा आणि मुले सोळा, अशी स्थिती होती. सोळावा रसेल, तो आणि आणखी एक मुलगा एकच गणवेश आळीपाळीने घालत. जॉर्ज पॉल्स या प्रशिक्षकांनी तरीही त्याला संघात ठेवले. पुढे शिष्यवृत्ती देऊ करणारे विद्यापीठही एकच निघाले, सॅन फ्रान्सिस्कोचे. त्या विद्यापीठाने १९५५ आणि १९५६ असे लागोपाठ दोन वेळा राष्ट्रीय विजेतेपद मिळवले. त्याच वर्षी मेलबर्नला ऑलिंपिक सुवर्णपदक, आणि नंतर एनबीए या अमेरिकेतल्या व्यावसायिक लीगमध्ये बोस्टन सेल्टिक्स संघाकडून १३ हंगामांत ११ विजेतेपदे. या माणसाची कारकिर्दीतली सरासरी सामन्यामागे साधारण १५ गुणांची आहे. रिबाऊंडची मात्र २२ च्या वर.

१९५७ च्या अंतिम मालिकेतला सातवा सामना डोळ्यांपुढे आणा. शेवटचे मिनिट चालू आहे, बोस्टन १०३–१०२ असे जेमतेम एका गुणाने पुढे आहे, सेंट लुईसच्या जॅक कोलमनला मध्यरेषेपाशी चेंडू मिळतो आणि त्याच्यासमोर रिंग मोकळी आहे. रसेल त्या वेळी पार दुसऱ्या टोकाच्या रेषेवर आहेत. तिथून ते अख्खे कोर्ट धावून येतात आणि कोलमनचा फटका अडवतात. दोन जादा डावांनंतर बोस्टन १२५–१२३ ने जिंकले. आता हे ऐका: एनबीएने अडवलेल्या फटक्यांची अधिकृत नोंद १९७३–७४ च्या हंगामापासून सुरू केली आणि रसेल १९६९ मध्येच निवृत्त झाले होते. ज्याने फटका अडवण्याची कला घडवली, चेंडू प्रेक्षकांत भिरकावण्याऐवजी तो अलगद आपल्याच सहकाऱ्याकडे वळवण्याची रीत रूढ केली, त्याच्या नावावर अधिकृतरीत्या असा एकही फटका नाही.

इथे मला थोडे थांबावे लागते, कारण हे वाचले तेव्हा मला आमच्या संघातली एक मुलगी आठवली. तिचे नाव मी घेत नाही, कारण ती स्वतः त्या प्रसंगाबद्दल पुढे कधी बोलली नाही. १९७८ साली आम्ही महाविद्यालयाच्या संघात खेळत होतो. ती पहाटे साडेपाचला सायकलवरून सर्वांच्या आधी ग्राउंडवर येत असे आणि सिमेंटच्या कोर्टवरची धूळ झाडून काढत असे. समोरच्या संघातली सर्वांत उंच मुलगी नेहमी तिच्या वाट्याला. चेंडू रिंगवरून कुठे उसळणार हे तिला आधीच कळत असावे, इतकी ती नेमकी तिथे उभी असे. चेंडू हातात येताच ती तो लांब माझ्याकडे फेकी, मी धावत जाऊन तो रिंगमध्ये टाकी, आणि टेबलावर माझ्या नावापुढे दोन गुण लिहिले जात. निवड चाचणीच्या चार सामन्यांनंतर निवड समितीने स्कोअरशीटवरच्या आकड्यांची बेरीज केली. माझे ५८ गुण, तिचे ११. मला संघात घेतले, तिला वगळले. पुढच्या स्पर्धेत पहिल्याच सामन्यात रिंगखालचा एकही चेंडू आमच्याकडे येईना. मी मध्यरेषेवर उभी राहून ज्या पासची वाट पाहत होते, तो देणारी इंदूरलाच राहिली होती. परतल्यावर मी तिच्या घरी गेले. तिने पोह्यांची बशी पुढे केली आणि प्रत्येक सामन्याची बारकाईने चौकशी केली. त्यानंतर ती ग्राउंडवर आली नाही. मी समितीपुढे एक शब्द बोलले नाही, ही खंत मला आजही आहे.

अध्यक्षांची चिठ्ठी आली आहे, दहाच मिनिटे उरली आहेत, आणि प्रशिक्षक तर अजून सर्व बाकी आहेत. तेव्हा थोडक्यात सांगते.

बोस्टनचे प्रशिक्षक रेड ऑरबाख. कराराच्या वेळी आपण गुणांच्या आकड्यांची चर्चा कधीही करणार नाही, असे त्यांनी सुरुवातीलाच सांगितले होते, ही आठवण स्वतः रसेल यांनी नोंदवली आहे. १९६१–६२ च्या हंगामात रसेल यांचे प्रतिस्पर्धी विल्ट चेंबरलेन यांनी सामन्यामागे ५०.४ गुणांची सरासरी राखली, एका सामन्यात १०० गुण केले, आणि तरीही सर्वोत्तम खेळाडूचा मान रसेल यांना मिळाला. त्या काळी ही मते खेळाडूच देत असत. कोपर लागलेल्या माणसांचे ते मत होते.

नॉर्थ कॅरोलिना विद्यापीठाचे प्रशिक्षक डीन स्मिथ यांचा दंडक असा की गुण करणाऱ्याने लगेच पास देणाऱ्याकडे बोट दाखवायचे. पॅट समिट बावीस वर्षांच्या असताना, १९७४ मध्ये, टेनेसी विद्यापीठाच्या मुलींच्या संघाच्या प्रशिक्षक झाल्या. संघाचे गणवेश त्या स्वतः धूत, गाडीही स्वतः चालवत, आणि ३८ हंगामांनंतर निवृत्त झाल्या तेव्हा त्यांच्या नावावर १०९८ विजय होते. प्रशिक्षक जॉन मॅकलेंडन यांना विद्यार्थिदशेत खेळाचे जनक नेस्मिथ यांचे मार्गदर्शन कॅन्सस विद्यापीठात लाभले, पण कृष्णवर्णीय म्हणून विद्यापीठाच्या संघात खेळता आले नाही. १२ मार्च १९४४ ला, रविवारी सकाळी, डरहॅममध्ये त्यांच्या कृष्णवर्णीय विद्यार्थ्यांच्या संघाने ड्यूकच्या वैद्यकीय विद्यार्थ्यांच्या गोऱ्या संघाला बंद दाराआड ८८–४४ असे हरवले. वर्णभेदाच्या त्या दिवसांत तो सामना उघडपणे होऊच शकत नव्हता. नंतर दोन्हीकडच्या मुलांनी संघ मिसळून आणखी एक सामना खेळला. मला त्या दुसऱ्या सामन्यावर बरेच बोलायचे होते, पण वेळ नाही.

दाराजवळच्या टेबलावर मी एक दोनशे पानी वही ठेवली आहे. १९७९ पासून मी अशा वह्यांत रिबाऊंड, अडवलेले फटके आणि पास यांचे रकाने स्वतः आखून इथल्या सामन्यांच्या नोंदी करत आले आहे. उद्या सकाळी सात वाजता कॉम्प्लेक्सवर चौदा वर्षांखालील मुलींचा सामना आहे. दोन्ही रिंगांजवळ नोंद घ्यायला मला एकेक माणूस हवा आहे. पेन्सिली मी आणते.