हात वर, नजर खाली

मंडळी, आधी एक काम करा. उजवा हात डोक्याच्या वर सरळ न्या आणि बोटं नि अंगठा चोचीसारखा उघडझाप करत राहा. मी सांगेपर्यंत खाली आणायचा नाही. मागच्या रांगेतल्या आजोबांना माफ.

आपल्या पिंगुळीचे ठाकर कलावंत कळसूत्री बाहुली वरून नाचवतात. रामदास पाध्ये अर्धवटरावाच्या शेजारी असतात, सगळ्यांना दिसतात. अमेरिकेचे टीव्ही-बाहुलीकार जिम हेन्सन मात्र बाहुलीच्या खाली, चौकटीबाहेर. कॅमेऱ्यानं बाहुलीला काय दिलं, हा आजचा विषय तिथूनच सुरू होतो.

हात भरून आला ना? अजून एक मिनिटही झालेलं नाही. हेन्सन आणि त्यांची माणसं दिवसभर असं काम करायची! आणा आता खाली.

१९५५ साली वॉशिंग्टनच्या डब्ल्यूआरसी या टीव्ही केंद्रावर कॉलेजात शिकणाऱ्या हेन्सनना पाच मिनिटांचा कार्यक्रम मिळाला. सोबत जेन नेबेल, पुढे त्यांची पत्नी. आईच्या जुन्या हिरव्या कोटाचं कापड आणि डोळ्यांना टेबलटेनिसचा अर्धा अर्धा चेंडू, असा त्यांचा सगळ्यात गाजलेला बाहुला, कर्मिट बेडूक, जन्मला. तेव्हा तो बेडूकही नव्हता. अमेरिकन वाहिन्या नको म्हणाल्या, तेव्हा इंग्लंडचे टीव्ही निर्माते लू ग्रेड यांनी हेन्सनच्या बाहुल्यांच्या ‘द मपेट शो’ला आसरा दिला. एलस्ट्रीच्या स्टुडिओत १९७६ ते १९८१ या काळात १२० भाग झाले.

त्यातला स्वीडिश शेफ माझा फार लाडका. डोकं आणि आवाज हेन्सनचा, पण बाह्यांतून बाहेर आलेले उघडे हात त्यांचे सहकारी फ्रँक ऑझ यांचे. एकच आचारी, माणसं दोन! ऑझचे हात मुद्दाम भलतंच काही करायचे आणि हेन्सनना त्या क्षणी तोंडानं ते सावरून घ्यावं लागायचं. आचाऱ्याचा गोंधळ खरा वाटतो, कारण डोक्याला खरंच ठाऊक नसायचं हात पुढे काय करणार. मी ते इतक्या वेळा पाहिलंय की आता माझं लक्ष फक्त त्या बोटांकडे असतं.

मीही एका वाहिनीवर विनोदी मालिकेत बाहुली चालवली आहे. श्रेयनामावलीत बाहुलीचं नाव आलं, माझं नाही. आपल्याकडे हे अजून चालतं आणि मला ते अजून टोचतं.

चिठ्ठी आली, पाच मिनिटं उरली. मग मुख्य मुद्दा झटपट सांगतो.

हेन्सननी बाहुल्यांचा छोटा रंगमंच काढून टाकला आणि टीव्हीची चौकट हाच मंच केला. सेट उंचावर बांधायचे, खाली माणसं उभी राहायची आणि नजर मॉनिटरवर. अभिनय करता करता तोच अभिनय प्रेक्षकाच्या डोळ्यांनी पाहायचा, ही सोय रंगमंचावरच्या कुठल्या नटाला आहे? मात्र मॉनिटर आरसा नसतो. आपण हात उजवीकडे नेला की बाहुली पडद्यावर डावीकडे जाते. हे अंगात मुरायला बराच काळ लागतो.

आणि कॅमेरा जवळ आला. शेवटच्या रांगेला दिसावा म्हणून लाकडाचा ठसठशीत चेहरा कोरायची गरज उरली नाही. कर्मिटचं तोंड मऊ कापडाचं, आत कसलंही यंत्र नाही. आतल्या हातानं मूठ आवळली की सगळा चेहरा चुरगळतो, ओठ मुडपतात. कार्यक्रमात आलेला पाहुणा काहीतरी वेडंवाकडं बोलतो, कर्मिट गप्प राहतो, चेहरा तेवढा आवळतो, आणि आपण हसतो. तो विनोद एका मुठीचा आहे.