ज्युरीविना खटला

(दृश्य : सकाळचं मैदान. मुलं क्रिकेटच्या सरावाला आलेली.)

नाशिककर अजून याला गोल्फ क्लबच म्हणतात. मॅच असली की पेपरात मैदानाचं पूर्ण नाव येतं : हुतात्मा अनंत कान्हेरे मैदान.

२१ डिसेंबर १९०९. विजयानंद नाट्यगृहात किर्लोस्कर मंडळींचं 'शारदा'. कलेक्टर जॅक्सन यांची बदली झालेली, हा खेळ त्यांच्या निरोपाचा. ते आत आले आणि औरंगाबादहून आलेल्या कान्हेरेनं पिस्तूल झाडलं. वय जेमतेम अठरा.

जॅक्सन संस्कृतचे जाणकार होते, आणि एक माणूस जिवानिशी गेला, हे आम्ही झाकणार नाही. पण त्याच साली बाबाराव सावरकरांना छापलेल्या कवितांपायी जन्मठेप झाली होती. नाशिकच्या घराघरांत ती सल होती.

(दृश्य : मुंबई हायकोर्टाची इमारत.)

खटला इथं चालला. गोळ्या भरल्या नाट्यगृहात सुटलेल्या, त्यामुळे कान्हेरेबद्दल वादच नव्हता. आम्ही थांबतो ते बाकीच्यांपाशी. कृष्णाजी कर्वे आणि विनायक देशपांडे यांनी गोळी झाडली नव्हती. त्यांचा जीव कटाच्या पुराव्यावर टांगलेला. असा पुरावा चारचौघांनी पारखून घ्यायला नको?

पण ज्युरी, म्हणजे निवाडा देणारं सामान्य नागरिकांचं मंडळ, नव्हती. १९०८ च्या खास कायद्यानं असे खटले तीन न्यायमूर्तींपुढे, ज्युरीविना चालायचे. वर अपीलही नाही.

त्याच काळात एखाद्या गोऱ्या ब्रिटिश प्रजाजनावर जिल्ह्याच्या कोर्टात खटला आला, तर तो हक्कानं मागू शकत होता : माझ्या ज्युरीत निम्मे तरी युरोपियन किंवा अमेरिकन हवेत. हिंदी न्यायाधीशांना गोऱ्यांवर खटले चालवू देणाऱ्या इल्बर्ट बिलावरून गोऱ्यांनी रान उठवलं, तेव्हा १८८४ मध्ये सरकारनं त्यांना ही सवलत देऊन टाकली होती.

कान्हेरेच्या खटल्यात न्यायमूर्ती सर बेसिल स्कॉट आणि हीटन यांच्या जोडीला नारायण चंदावरकर बसले होते. एक न्यायमूर्ती आपलाच होता, हे सांगायलाच हवं. त्यानं काय बदलणार? आरोपीची कातडी बघून हक्क द्यायचा, हे कायद्याच्या कलमातच लिहिलेलं.

(दृश्य : ठाण्याच्या तुरुंगाची दगडी भिंत.)

२९ मार्च १९१० ला निकाल लागला. तिघांना फाशी. दाद मागायला वरचं कोर्ट नाही. १९ एप्रिलला, एकविसाव्या दिवशी, कान्हेरे, कर्वे आणि देशपांडे ठाण्यात फासावर गेले.